गोरव्यातली वावटळ

माझ्या नवऱ्याला वावटळीनं मारलं, हे आमच्या घरात केबलवाल्यानं ठरवलं. तेरावा उरकला होता, पाहुणे आपापल्या गावी गेले होते आणि माझे दीर समरजित भावजी टीव्हीसमोर बसून चॅनेल बदलत होते. एका चॅनेलवर अमेरिकेतलं सपाट रान दाखवत होते. काळ्या ढगातून एक सोंड खाली उतरली, तिनं एक अख्खं घर उचललं आणि शेजारच्या घराचा दिवासुद्धा विझला नाही. भावजी ताडकन उठले. "हेच झालं वहिनी," ते म्हणाले. "बघा ना, आपलीच शेड गेली, बाजूच्या शेडला खरचटलंसुद्धा नाही. टोर्नेडो."

माझ्या सासूबाई, रखमाबाई, यांना तो शब्द कळला नाही. भावजींनी त्यांच्यासाठी मराठी केलं: "वावटळ गं आई, मोठी वावटळ." झालं. आमच्याकडे वावटळ म्हणजे वैशाखात मैदानात पाचोळा आणि प्लॅस्टिकच्या पिशव्या गरगर फिरवणारा वारा. पण सासूबाईंच्या लेखी त्या पाचोळ्यात कुणीतरी असतं. वावटळ दिसली की अजून त्या पायातली चप्पल तिच्यावर भिरकावतात. त्यामुळे घरात लगेच एकमत झालं. लेकाची वावटळ अमेरिकेची आणि आईची भुताची, पण दोघांची सोय एकच होती. वाऱ्याला कोण जाब विचारणार?

मी विचारणार होते. माझा नवरा हंबीरराव बडोद्याच्या गोरव्यातल्या एका कारखान्यात सुपरवायझर होता. कारखान्याला जर्मन भागीदार मिळणार म्हणून शेठनी घाईघाईनं नवी शेड बांधायला काढली. छपराच्या लोखंडी कैच्या उभारून त्यावर पत्रे चढवण्याचं काम यांनी धाकट्या भावाला मिळवून दिलं. जर्मन आले, शेड पाहून गेले, हार घातलेले फोटो निघाले. मग वैशाखातल्या एका दुपारी मधल्या रांगेतले पत्रे उचलले गेले आणि खाली आले. खाली हे उभे होते.

मला एवढंच जाणून घ्यायचं होतं, वारा की भावजी? मी रोज सकाळी ज्या माणसापुढे चहाचा कप ठेवत होते, त्याच्या हातानं माझा नवरा मेला की नाही? एका छपराखाली राहायचं तर एवढं तरी माहीत हवं. सासूबाईंना हा प्रश्न पाप वाटायचा. "सख्खा भाऊ तो," त्या म्हणायच्या. आमच्या घरातले पणजोबा सरकारांच्या पागेत होते. घोडे कधीच गेले, तोरा तेवढा राहिलाय, आणि त्या तोऱ्यात सख्खा भाऊ चुकीचं काम करू शकत नाही.

कारखान्यांच्या खात्यातले साहेब माझा जबाब घेणार होते. त्याच्या आठवडाभर आधी शेठचे मॅनेजर केसर आंब्यांची टोपली घेऊन दारात हजर. टोर्नेडोची बातमी त्यांच्यापर्यंत भावजींनीच पोचवली असणार. "बेन, कुदरती आफत छे," ते म्हणाले, "एमां कोईनो वांक नथी." कुणाचाच दोष नाही. ते बोलत असताना सासूबाई डोळे पुसत मान हलवत होत्या. मी आंबे पुढल्या चाळीत वाटून टाकले. एकसुद्धा घरात ठेवला नाही.

लग्नाआधी मी दोन वर्षं कॉलेजात भूगोल शिकले होते. आता मराठी शाळेत चौथीच्या मुलांना नद्या आणि डोंगर शिकवते. मुलं दरवर्षी कमी होतात, कारण आमच्याच नातेवाइकांना आपली मुलं इंग्रजीत नद्या शिकायला हवी आहेत. ते असो. टोर्नेडोचं विचारायला मला एकच माणूस माहीत होता, माझे जुने प्राध्यापक दत्तात्रेय सर. आडनाव सांगत नाही, बडोद्यात लगेच ओळखतील. आजोबा संस्थानात मोठ्या हुद्द्यावर, वडील विद्वान, सर स्वतः विद्वान आणि बाकी जग वर्गात उशिरा आलेलं, असा त्यांचा हिशेब. अलकापुरीत त्यांचा बंगला आहे. एका बाजूला हॉटेल आणि दुसऱ्या बाजूला पेजरचं दुकान झालं तरी हे मध्ये तसेच बसलेले.

"दुसऱ्या वर्षी पळालात तुम्ही," मला बघून ते म्हणाले.

"पळाले नाही सर. लग्न झालं. पत्रिका दिली होती तुम्हाला."

"मी आलो नव्हतो." त्यांनी खुर्ची दाखवली. "बोला."

"सर, बडोद्यात टोर्नेडो होतो का?"

"जगात कुठे होतो?"

"सर, माझे मिस्टर..."

"वाचलं मी. वाईट झालं. जगात कुठे होतो?"

विधवेची तोंडी परीक्षा घेणारा माणूस मी पहिल्यांदाच पाहत होते. उठून जावंसं वाटलं. पण गरज माझी होती, म्हणून आठवेल ते सांगितलं, समुद्रावर तयार होतो आणि किनाऱ्यावर येतो.

"शून्य," सर म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर समाधान पसरलं. "ते चक्रीवादळ. शेकडो मैल पसरलेलं असतं, येण्याआधी रेडिओवर दवंडी पिटतात. टोर्नेडो गडगडाटी ढगाच्या पोटातून येतो. कधी गल्लीएवढा रुंद, कधी जरा मोठा, आणि बहुतेक वेळा घटकेत खेळ खलास. मराठी पेपर सगळ्यालाच चक्रीवादळ म्हणतो, गुजराती पेपर वावाझोडुं म्हणतो, आणि तुमच्या घरात काय म्हणतात?"

"वावटळ."

"वावटळीला ढग लागतच नाही. जमीन तापली की ती उठते. चोर तीन आहेत आणि तुम्ही फिर्याद एकाच नावानं करताय."

मग ते शिकवायला लागले. मान्य करायला हवं, शिकवताना त्यांचा आवाज निवळतो. अमेरिकेच्या मधल्या सपाट मैदानात सगळ्यात जास्त, वर्षाला हजाराच्या आसपास. तिथं दक्षिणेच्या आखातातली दमट हवा आणि डोंगरावरची कोरडी हवा एकमेकींच्या अंगावर येतात आणि अडवायला मध्ये काही नसतं. अर्जेंटिनाच्या मैदानात होतात, दक्षिण आफ्रिकेत, ऑस्ट्रेलियात, जपानात. इंग्लंडात तर देशाच्या आकाराच्या मानानं इतके होतात की सांगून खरं वाटणार नाही, पण किरकोळ. फार तर कौलं उडतात. माणसं सगळ्यात जास्त मरतात ती बांगलादेशात. तिथं मोजायला गेलं तर टोर्नेडो थोडे, पण पत्र्याच्या घरांची दाट वस्ती. आठ वर्षांमागे तिथं एका संध्याकाळी हजारावर माणसं गेली. आपल्याकडे बंगाल, ओरिसा, आसाम, तेही चैत्र-वैशाखात. दिल्लीत एकदा विद्यापीठापाशीच झाला होता.

"आणि गुजरातेत?"

"क्वचित. अगदी क्वचित. कधीच नाही असं मी म्हणणार नाही. हवामानात कधीच नाही असं ज्योतिषी म्हणतात." ते थांबले. "याच फटीतून तुमच्या घरचे आत शिरलेत. त्या दिवशी ढग होता?"

"धूळ होती म्हणतात."

"मी ढग विचारला. ढगाशिवाय टोर्नेडो म्हणजे हत्तीशिवाय सोंड. आणि दुसरं, तो चालतो. एका शेडसाठी रिक्षातून उतरला, पत्रे काढले आणि परत रिक्षात बसून गेला, असं करत नाही. शेडच्या आधी काय पडलं, शेडनंतर काय पडलं, ते जाऊन बघा. जे पडलं ते वेड्यासारखं चारी दिशांना फेकलेलं असेल."

मी विचारलं, साहेबांसमोर येऊन हे सांगाल का? "मी कोणाच्या भांडणात येत नाही," म्हणाले आणि वर्तमानपत्र उचललं. मे महिन्याच्या दुपारी आलेल्या बाईला त्यांनी पाणीसुद्धा विचारलं नाही. तरी फाटकाबाहेर पडले ती दोन प्रश्न पदरात घेऊन.

अपघात झाल्यापासून मी गोरव्याला गेले नव्हते. वॉचमननं ओळखलं आणि आत सोडलं. शेडच्या मधल्या रांगेतून आभाळ दिसत होतं, निळं, स्वच्छ आणि निर्लज्ज. उडालेले पत्रे अजून भिंतीपाशी पडले होते, सगळे एकाच अंगाला, एकावर एक, आणि एकाही पत्र्यावर हुकाची खूण नव्हती. आधी काय पडलं? काही नाही. समोर चहाच्या टपरीवर निळं प्लॅस्टिक सुतळीनं बांधलेलं होतं, ते जुनंच होतं. पुढे काय पडलं? शेडच्या पाठीमागे वस्ती आहे आणि पहिल्याच घराच्या गच्चीवर एक बाई सारेवडे वाळत घालत होती. तांदळाचे ते पातळ पापड फुंकरीनंसुद्धा उडतात. मी खालूनच तिला विचारलं, ज्या दिवशी अपघात झाला त्या दिवशी इथं काय झालं?

"पवन तो हतो, बेन," ती म्हणाली. "वैशाखमां होय ज. मारां बे-चार सारेवडां ऊडी गयां, बीजुं कंई नहीं."

"वादळ हतुं?" मी विचारलं. गुजरातीत वादळ म्हणजे ढग.

तिनं कमरेवर हात ठेवले. "वादळ होत तो हुं सारेवडां सूकववा मूकत?"

बाईचं बरोबर होतं. ढग असता तर कोणती बाई वाळवण घालेल? मी रिक्षात बसले ती पेटून. दुःखानं नव्हे, संतापानं. मला हवा तो माणूस सापडला होता. घरी पोचेपर्यंत मी भावजींना काय काय बोलायचं ते मनात घोटत होते, आणि खरं सांगते, इतक्या दिवसांत पहिल्यांदाच मला बरं वाटत होतं.

भावजी अंगणात नळाखाली हाताचं ग्रीस धूत होते. सासूबाई पायरीवर गवार मोडत बसल्या होत्या. मी चप्पलही काढली नाही.

"त्या दिवशी ढग नव्हता भावजी. दोन-चार सोडले तर मागच्या गच्चीवरचे सारेवडे जागच्या जागी होते. टोर्नेडो सारेवडे सोडून लोखंड खातो का?"

"वहिनी, आता सोडा ना."

"पत्र्यांना हुक नव्हते. हो की नाही?"

नळ वाहत राहिला. पत्रे खालच्या लोखंडाला हुकांनी आवळतात. हुक नसले तर पत्रा नुसता ठेवलेला असतो, वजनावर. एवढं मला यांच्याकडून ऐकून ऐकून माहीत होतं.

"मधल्या रांगेला नव्हते," भावजी म्हणाले.

"का?"

त्यांनी सासूबाईंकडे पाहिलं. "आई, तू जरा आत जा."

"त्या कुठंही जाणार नाहीत," मी म्हटलं. "त्यांच्यासमोर सांगा. सख्ख्या भावानं सख्ख्या भावाच्या डोक्यावर नुसते ठेवलेले पत्रे का ठेवले, ते त्यांनाही कळू दे."

भावजींनी नळ बंद केला. "हुक संपले होते. दुसरे आणायचे तर एक दिवस गेला असता. दुसऱ्या दिवशी सकाळी जर्मन यायचे होते आणि शेठ खाली उभे राहून घड्याळ बघत होते. मी शिडीवरून उतरून दादाला सांगितलं, मधली रांग उघडी आहे, शेठकडून एक दिवस मागून घे."

"मग?"

"दादा म्हणाला, ‘राहू दे समर. साहेब लोक वर बघत नाहीत.’"

मी तिथंच पायरीवर बसले. भावजींना खोटं बोलता येतं, ते मी पुष्कळदा पकडलंय. पण हे वाक्य त्यांना जन्मात रचता आलं नसतं. हे यांचंच. घरी कुणी यायचं असलं आणि मी स्टुलावर चढून पंख्याची जळमटं काढायला लागले, की हे पलंगावर पडल्या पडल्या हेच म्हणायचे, ‘राहू दे गं, पाहुणे वर बघत नाहीत.’ मला हसू यायचं आणि मी उतरायचे.

"नंतर लावायचेच होते," भावजी सांगत होते. "मी दोनदा आठवण केली. दादा म्हणाला, मशिनं सुरू झालीत, सुट्टीच्या दिवशी बघू. मग मी पण बोललो नाही. केबलवर ते दिसलं तेव्हा वाटलं, हे बरं आहे, दादाचं नाव येणार नाही. तुम्ही माझ्यावर दात धरून होता ते मला कळत होतं वहिनी. म्हटलं, धरू दे."

"खोटं बोलतोय हा," सासूबाई म्हणाल्या. मग त्यांनी गवारीची परडी बाजूला सारली. बोलल्या त्या माझ्याशी. "झालं समाधान? शोधायला गेली होतीस ना? आता परवा तिथं जाऊन वावटळच म्हणायचं. माझा हंबीर मेला तो मेला, त्याला आणखी गुन्हेगार करून ठेवू नकोस. आणि हा दुसरा तरी मला राहू दे."

मला भावजींचा राग करायचा होता. तो मी इतके दिवस सांभाळला होता, सकाळी उठल्यावर पहिल्यांदा तोच हाताशी घ्यायचे. त्याचा धनी एका वाक्यात बदलला, आणि बदलून कोण निघाला तर ज्याच्यासाठी मी रागावले होते तोच.

जबाबाच्या दिवशी खात्याच्या कचेरीत मॅनेजर आमच्याआधी येऊन बसले होते. साहेबांनी विचारायच्या आत त्यांनीच सुरुवात केली. टोर्नेडो आखी दुनियामां थाय छे, अमेरिकामां तो वरसे हजार, माणूस काय करणार, कारखाना काय करणार. कुणीतरी त्यांना चांगलं पढवून पाठवलं होतं. शेठचा सगळा कारखाना त्या सोंडेला लटकून सुटायला निघाला होता. परवापासून मी काय म्हणायचं ते ठरवू शकले नव्हते. यांचं नाव घ्यायचं म्हटलं की वावटळच सोपी वाटायची. मॅनेजरचा तो मऊ आवाज ऐकला आणि माझं ठरलं.

"बेन," साहेबांनी विचारलं, "वंटोळियो हतो?" म्हणजे वावटळ होती का.

मी गुजरातीतच बोलले, म्हणजे कुणी मधे भाषांतर करायला नको. म्हटलं, नाही. हजार होतात ते अमेरिकेत. गोरव्यात त्या दिवशी ढगसुद्धा नव्हता. मधल्या रांगेला हुक नव्हते. माझे दीर हुक लावायला वेळ मागत होते, माझ्या नवऱ्यानं राहू दे म्हटलं, आणि माझ्या नवऱ्यानं राहू दे म्हटलं कारण शेठ खाली घड्याळ बघत उभे होते. तिघांची नावं लिहा. दोनच लिहिणार असाल तर मी सही करणार नाही.

मॅनेजरचा आवाज एकदम कडक झाला. "पोताना धणीनुं नाम बगाडो छो, बेन. शरम नथी आवती?"

"माझा नवरा मेला," मी म्हटलं, "लाज मी का बाळगू?"

साहेबांनी भावजींकडे पाहिलं. भावजी उठून उभे राहिले. त्यांचा चेहरा मातीसारखा झाला होता. "वहिनी म्हणतात ते खरं आहे," ते म्हणाले, आणि साहेब लिहायला लागले.

परत भावजींच्या स्कूटरवरूनच आलो. त्यांना माझा राग आला असेल, येऊ दे. घरी सासूबाईंनी भावजींचं तोंड बघितलं आणि सगळं समजल्या. मी जेवायला वाढलं तेव्हा त्यांनी ताट सरकवून दिलं. "मुलाला चोर ठरवणारीच्या हातचं मी खाणार नाही," म्हणाल्या, आणि भिंतीकडे तोंड करून आडव्या झाल्या. मी ताट झाकून ठेवलं. त्यांना जेवू घालायचं माझं काम होतं, खायचं की नाही ते त्यांनी बघावं.

मग मी बाहेरच्या खोलीत गेले. भिंतीवर चंदनाचा हार घातलेला यांचा फोटो आहे, कारखान्याच्या ओळखपत्रावरून मोठा केलेला, म्हणून थोडा पुसट. हे गेल्यापासून मी रडले नव्हते. बायका कुजबुजायच्या, दगडाची आहे. वावटळीनं नेलेल्या माणसाबरोबर भांडायचं तरी काय? त्या दिवशी मात्र माझा नवरा मला परत मिळाला होता, जसा होता तसा, आळशी, हसरा, मोठ्यांपुढे मान हलवणारा. मी पदर खोचला आणि लग्नानंतर कितीतरी वेळा उभी राहिले असेन तशी त्यांच्यासमोर उभी राहिले. आवाज शेजारी जाईल याची पर्वा केली नाही.

"साहेब लोक वर बघत नाहीत, मान्य," मी म्हटलं. रडू आता थांबत नव्हतं. "पण अहो, ते तर दुसऱ्या दिवशी विमानात बसून गेले. खाली रोज तुम्ही उभे राहणार होतात. तुम्ही तरी एकदा वर बघायचं होतंत."